सहाव्या खिळ्यावरचा पाना

मिस्त्रींच्या भिंतीवर अर्धा इंच हा पाव इंचापेक्षा लहान होता. चव्वेचाळीस वर्षं लहान होता आणि त्यानं कुणाचं काही म्हणजे काही बिघडलं नव्हतं. बिघडलं ते त्यांच्या मास्तरीण लेकीनं त्याला सरळ केल्यावर. शहाण्या माणसांनी घरातल्या जुन्या चुकांना हात लावू नये तो याचसाठी, पण शहाण्यांना हे सांगणार कोण?

मिस्त्री म्हणजे पंपांचे मिस्त्री. घराच्या पुढच्या खोलीत त्यांचं वर्कशॉप, मागच्या दोन खोल्यांत संसार, आणि मधे एक दार, जे लागलेलं कधी कुणी पाहिलं नाही. पुढचा ग्रीसचा वास मागे जायचा आणि मागचा आईचा आवाज पुढे यायचा. आईला जाऊन आता सहा वर्षं झाली होती. वास तेवढा राहिला होता.

वर्कशॉपच्या टेबलाच्या डाव्या अंगाला भिंतीवर एक फळी ठोकलेली होती. फळीवर ओळीनं दहा खिळे, खिळ्यांवर दहा पाने, आणि प्रत्येक खिळ्याखाली तांबड्या रंगात त्या पान्याचं माप. जुन्या पंपांचे नट इंचाचे, म्हणून पानेही इंचाचे. पाव, अर्धा, पाऊण ही साधी माणसं. बाकीचे तीन-आठ, पाच-सोळा असे जोडनावाचे. तीन-आठ म्हणजे इंचाचे आठ भाग केले तर त्यातले तीन, पाच-सोळा म्हणजे सोळा भागांतले पाच. ती मापं लिहिली होती लेकीनं, वयाच्या नवव्या वर्षी.

त्याचं असं झालं होतं. फळी नवी होती, खिळे मारून झाले होते, आणि मिस्त्रींना बाहेरगावच्या कामाला निघायचं होतं. पाने पिशवीत घालून ते घेऊन गेले. जाताना एका चिठ्ठीवर दहा मापं लिहून पोरीच्या हातात दिली आणि म्हणाले, "लहानापासून मोठ्यापर्यंत ओळीनं लिहून ठेव. संध्याकाळी आलो की टांगतो."

आता पोरीसमोर पाने असते तर आंधळ्यालाही कळलं असतं कुठला लहान नि कुठला मोठा. पण होती फक्त चिठ्ठी. आणि शाळेत अपूर्णांकांची नुकतीच ओळख झाली होती. ओळख कसली, रस्त्यात भेटल्यावर मान हलवावी तेवढीच. पोरीनं स्टुलावर चढून, जीभ दातांत धरून, रंग ओघळू न देता दहाच्या दहा मापं लिहिली. अर्ध्यात एक नि दोन, पावात एक नि चार, सगळे लहान आकडे, म्हणून अर्धा पहिला, त्यामागे पाव. अकरा नि सोळा हे मोठे आकडे, म्हणून अकरा-सोळा पार शेवटी, सगळ्यांचा बाप.

संध्याकाळी मिस्त्री आले, फळीसमोर उभे राहिले, आणि ज्याच्या नावाचा खिळा त्याच्यावर तो पाना टांगत गेले. "झकास अक्षर आहे," एवढंच म्हणाले. पोर दोन दिवस हवेत होती.

दोन वर्षांनी शाळेत अपूर्णांकांचा लहान-मोठेपणा खरोखर शिकवला तेव्हा ती जमिनीवर आली. दप्तरासकट वर्कशॉपमध्ये शिरली आणि फळीकडे बघून तिनं भोकाडच पसरलं. गिऱ्हाईक बसलेलं, त्याच्यासमोर! मिस्त्रींनी तिला टेबलावर बसवलं, दहाही पाने काढून तिच्या मांडीत ओतले आणि म्हणाले, "हे बघ, एक जण आठात बोलतो, एक जण सोळात बोलतो, मग भांडण कसं मिटणार? सगळ्यांना सोळात बोलायला लाव." मग तिनं लावलं. तीन-आठ म्हणजे सोळातले सहा. अर्धा म्हणजे आठ. पाऊण म्हणजे बारा. सात-आठ म्हणजे चक्क चौदा, म्हणजे खरा थोरला तोच. डोळे पुसत पुसत तिनं दहा जणांची रांग टेबलावर लावली, आणि ती रांग पहिल्यांदाच जिन्यासारखी चढत गेली.

"आता फळी पुसून नीट लिहिते," ती म्हणाली.

"काही नको. हाताला सवय झालीय माझ्या. ज्याचं घर जिथं आहे तिथं तो राहू दे."

तिनं बराच हट्ट केला. आईनं मधल्या दारातून बघितलं आणि कधी नव्हे ते काही न बोलता आत गेली. फळी राहिली ती राहिलीच. येणारी-जाणारी माणसं चेष्टा करायची, "मिस्त्री, तुमच्याकडे पाऊण तिसऱ्या नंबरावर?" मिस्त्री म्हणायचे, "माझ्याकडे काम पहिल्या नंबराचं आहे, तेवढं बघा."

लेक मोठी झाली, लग्न झालं, दूरच्या गावी गणिताच्या बाई झाली. तीस वर्षं मुलांना तिनं तेच वाक्य सांगितलं, सगळ्यांना सोळात बोलायला लावा. मुलांना वाटायचं बाईंचं आहे. तीस वर्षांत तिनं चुकणारी मुलंही दोन जातींची पाहिली. एक खालचा आकडा बघून मोठं ठरवणारी, दुसरी वरचा बघून. कुठलं मूल कुठल्या जातीचं हे ती वही न उघडता सांगायची. पण माहेरी आली की ती फळी डोळ्यांत खुपायची. गणिताच्या बाईच्या बापाच्या भिंतीवर हे! लाज वाटायची, खरंच वाटायची.

म्हणून यंदा सुट्टीत आल्या आल्या तिनं पदर खोचला. वर्कशॉप झाडलं, जळमटं काढली, आणि मिस्त्री दुपारचे आडवे झाले असताना फळीला पांढरा रंग मारून टाकला. वाळल्यावर सुबक आकड्यांत मापं लिहिली, पावापासून सात-आठपर्यंत, अगदी पुस्तकात असावीत तशी. पाने टांगले. मागे सरून बघितलं आणि तिला इतकं बरं वाटलं म्हणून सांगू! चव्वेचाळीस वर्षांचं ओझं उतरलं.

"फळी रंगवली हं बाबा," तिनं चहाच्या वेळी सांगितलं.

"बरं केलंस," मिस्त्री म्हणाले.

ओळ बदलली हे तिनं वेगळं सांगितलं नाही. सांगायचं काय त्यात? माणसाला दिसतंच की. पण इथंच बाई चुकल्या. मिस्त्रींना दिसत नव्हतं. अठ्ठ्याहत्तरीला टेकलेले, दोन वर्षांपासून डोळ्यांतलं मधलंच गेलेलं. कडेकडेचं धूसर दिसायचं, समोरचं नाही. वर बोटांच्या टोकांना कायम मुंग्या, त्यामुळे हातात आलेला पाना कुठला हे नटावर चढवल्याशिवाय कळायचं नाही. तरी काम चालू होतं, कारण दंड हलायचा तो थेट योग्य खिळ्यावर जायचा. दंडाला डोळे लागत नाहीत.

मग आठवडाभरात घरात काहीतरी बिनसलं. मिस्त्री पंप उघडायचे आणि तसाच टाकून बाहेर ओट्यावर येऊन बसायचे. एका दुपारी बाई मधल्या दारात उभ्या राहून बघत होत्या. मिस्त्रींना नऊ-सोळा हवा होता. हात वळून न बघता नवव्या खिळ्यावर गेला, पाना निघाला, नटावर बसला आणि सैल गरगरला. तो होता पाऊण. मिस्त्रींनी तो परत ठेवायला तिसऱ्या खिळ्याकडे नेला, कारण पाऊणचं घर तिसरं. तर तिथं आधीच कुणीतरी टांगलेलं! म्हातारा हातात पाना धरून तसाच उभा राहिला. मग त्यांनी तो हळूच टेबलावर ठेवला, कुणी बघत नाही ना अशा चोरट्या बेतानं, आणि हात फडक्याला पुसले.

रविवारी सकाळी ते म्हणाले, "पलीकडच्या गल्लीतल्या वेल्डरला सांगितलंय. उद्या येऊन सगळं घेऊन जाईल. त्याला उपयोग होईल."

"सगळं म्हणजे?"

"पाने, वाइस, टेबल, सगळं. माझे हात गेले पोरी. डोळे गेले तेव्हा म्हटलं, हात आहेत. आता हातही गेले. भलतंच उचलतो, भलतीकडे टांगतो. कुणाच्या पंपाचं वाटोळं व्हायच्या आत थांबलेलं बरं."

आत्ता कुठे बाईंच्या डोक्यात प्रकाश पडला. "अहो बाबा, तुमचे हात नाही गेले! मी ओळ बदलली फळीवरची. लहानापासून मोठ्यापर्यंत लावली, बरोबर."

मिस्त्री हसले, पण ते हसू काही धड नव्हतं. "आजारी माणसाला तू बरा दिसतोस म्हणतात, तसंच ना हे? माझी समजूत काढू नकोस. मी काय कुक्कुलं बाळ आहे? आणि ओळ बदलायला ती चुकलेली होती कुठे? चांगली होती."

"चुकलेली होती! मी नऊ वर्षांची असताना…"

"चांगली होती म्हणतो ना," मिस्त्री म्हणाले आणि उठून ओट्यावर गेले.

आता या हट्टी माणसापुढे बोलून उपयोग नव्हता. त्यांचा विश्वास होता फक्त दंडावर, आणि दंडाची खात्री पटवायला फळी पहिल्यासारखी व्हायला हवी होती. तीही उद्याच्या आत. आणि पुन्हा एकदा जरी हातात भलता पाना आला, तर संपलं. मग हा माणूस ओट्यावर बसून राहील आणि आतून वाळत जाईल, हे बाईंना स्वच्छ दिसत होतं. आईमागे सहा वर्षं ते कशावर जगले हे त्यांना ठाऊक नव्हतं थोडंच?

त्यांनी दहाही पाने काढून टेबलावर ओतले. तीस वर्षं दुसऱ्यांच्या चुका सरळ केल्या, आता स्वतःची एक चूक जशीच्या तशी परत करायची होती. आणि काय सांगावं, ती आठवेना! जुनी ओळ तर पांढऱ्या रंगाखाली गेली होती. बाईंनी ती लाजेनं इतकी घाईघाईत पुसली होती की नीट बघितलीही नव्हती.

"थांब," त्या स्वतःशी म्हणाल्या, "मी कुठल्या जातीची होते? खालचा आकडा बघणारी की वरचा?"

त्यांनी पेन्सिल घेतली आणि पुठ्ठ्यावर दोन्ही ओळी लिहिल्या. खालचा आकडा धरून एक, वरचा धरून दुसरी. आणि लिहून बघतात तर दोन्ही ओळी जवळजवळ एकच! अर्धा, पाव, पाऊण, तीन-आठ, पाच-आठ, इथपर्यंत दोन्हीकडे तेच. शेवटी सात-सोळा, नऊ-सोळा, अकरा-सोळा, तेही तेच. फरक फक्त मधल्या दोघांत. सहाव्या खिळ्यावर सात-आठ आणि सातव्यावर पाच-सोळा, का उलट? वरचं बघितलं तर पाच आधी, सात मागून. खालचं बघितलं तर आठ आधी, सोळा मागून.

आठ पाने त्यांनी टांगले. दोन हातात राहिले. एक ढब्बू, एक किरटा. निम्मी शक्यता, अर्धा, असं त्यांच्या मनात आलं आणि त्या अर्ध्याचा त्यांना भयंकर राग आला.

एवढ्यात बाहेर हातगाडी थांबली. रोपवाटिकावाली, मिस्त्रींची जुनी गिऱ्हाईक, गाडीवर पंप घालून आली होती. "मिस्त्री, पाणीच ओढत नाही हो! रोपं माना टाकायला लागली. आजच्या आज बघा, तुमच्या पाया पडते." मिस्त्री नको-नको म्हणत होते, उद्यापासून बंद आहे म्हणत होते. ती कसली ऐकतेय! तिनं पंप ढकलत टेबलापाशी आणलासुद्धा.

बाई मधल्या दाराच्या उंबऱ्यावर मटकन बसल्या. हातात दोन पाने. आणि तिथे, त्या उंबऱ्यावर, त्यांना आई आठवली. इथेच बसायची ती शिवण घेऊन. उजेड पुढून यायचा म्हणून. त्या दिवशीही बसली होती, बाबांच्या शर्टाचं बटण लावत. आणि स्टुलावरून एक पोर विचारत होती. काय विचारत होती?

विचारणारच! पहिल्या पाच खिळ्यांपर्यंत विचारायचं कारणच नव्हतं, वरचं बघा नाहीतर खालचं बघा, उत्तर एकच येत होतं. पहिल्यांदा अडलं ते याच दोघांपाशी. सात मोठे पाचाहून, पण सोळा मोठे आठाहून. तेव्हा स्टुलावरची पोर ब्रश वर धरून ओरडली होती, "आई, आठ मोठे का सोळा?"

आणि आईनं मान वर न करता, दातांनी दोरा तोडत सांगितलं होतं, "सोळा. हे काय विचारणं झालं?"

बरोबरच होतं तिचं. प्रश्न विचारला तसं उत्तर. बाई उठल्या. सात-आठ सहाव्या खिळ्यावर. पाच-सोळा, ज्याच्यात सोळा, तो मागून, सातव्यावर. खाली त्यांचे स्वतःचे सुबक आकडे सगळे खोटे पडले होते, पडू देत. त्या उंबऱ्यावर परत येऊन बसल्या आणि त्यांनी साडीचा काठ मुठीत आवळून धरला.

रोपवाटिकावालीच्या तगाद्यापुढे मिस्त्री हरले. "शेवटचा हं," म्हणून पंपाशी उभे राहिले. तळव्यानं पंप चाचपला, नट मोजले. हात मागे गेला, नवव्या खिळ्यावर. पाना आला, नटावर बसला, गच्च. मिस्त्री क्षणभर थांबले. मग चार नट सुटले. हात पुन्हा गेला, सातव्यावर. पाच-सोळा. बारका बोल्ट निघाला. आता त्यांचे खांदे जरा सैल पडले होते. रोपवाटिकावाली आपल्या रोपांची रडगाणी सांगत होती, तिला कशाचा पत्ता नव्हता. मग उरला तो मोठा नट, गंजून बसलेला, सात-आठचा. मिस्त्रींचा हात उठला. बाईंनी डोळेच मिटले.

काही ऐकू येईना. मग करकर झाली, मग मिस्त्रींचा हुंकार, आणि नट टकदिशी सुटला.

आत वॉशर सडला होता, दुसरं काही नाही. तासाभरात पंप बादलीतलं पाणी घटाघटा ओढून अंगणात फेकायला लागला. रोपवाटिकावाली आशीर्वाद देत गाडी ढकलत गेली. बाई अजून उंबऱ्यावरच होत्या, डोळ्यांतलं पाणी पुसायचं सुचलं नव्हतं.

मिस्त्री एकेक पाना पुसून टांगत होते. प्रत्येकाचं घर रिकामं, प्रत्येक जण आपापल्या जागी. शेवटचा सात-आठ त्यांनी सहाव्या खिळ्यावर अडकवला आणि हात तिथेच ठेवला.

"म्हणजे खरंच बदलली होतीस ओळ."

"हो बाबा. चुकलं माझं."

"आणि परत लावलीस. हा सहावा कसा आठवला?"

"आईला विचारलं होतं ना मी तेव्हा. आठ मोठे का सोळा."

मिस्त्री हसायला लागले. आठवड्यात पहिल्यांदा. "मला सांगितलं होतं तिनं. त्या संध्याकाळी फळी बघितली आणि मी रंग पुसायला चिंधी घेतली. तर ही दारात आडवी! म्हणे, सोळा मी सांगितलंय, पोर दिवसभर स्टुलावर उभी आहे, फळीला हात लावायचा नाही. नंतर तू रडलीस तेव्हा तोंड लपवून आत पळाली, आणि पोरीला सांगू नका म्हणून मलाच दटावलं."

त्यांनी चाचपत कोपऱ्यातला फोन उचलला. "वेल्डर, उद्या येऊ नकोस रे. नाही, काही झालं नाही. काम आहे." फोन ठेवला, आणि जिथे त्यांना लेकीचा पांढरा-धूसर आकार दिसत असावा तिकडे तोंड केलं.

"आणि मास्तरीणबाई, यापुढे माझ्या भिंतीवरचं गणित तपासायचं नाही. ते तुझ्या आईनं तपासलेलं आहे."